बिजागरीत तेल

सुताराने तेलाची बाटली उचलली आणि मी म्हणाले, "राहू दे."

गेल्या मे महिन्यातली गोष्ट. नांदगावला मामाच्या घरी कामं काढली होती. मामा गेल्यापासून घर बंदच. मामी पनवेलला मुलाकडे. शेवटी अवीने, म्हणजे माझ्या मामेभावाने, घराचा होमस्टे करायचं ठरवलं. समुद्र चार पावलांवर, मागे नारळी-पोफळीची वाडी, शनिवार-रविवारी मुंबई-पुण्याची माणसं लोटतात, मग घर वाळवीला घालण्यापेक्षा हे बरं. त्याचं चूक नव्हतंच. मी दोन दिवस मदतीला गेले होते. मदत म्हणजे काय फेकायचं नि काय ठेवायचं यावरून त्याच्याशी वाद घालायचा. दुसऱ्या दिवशी दुपारी सुतार ओटी आणि माजघर यांच्यामधल्या दाराशी आला. जुनं सागवानी दार, खालची कड पावसाळ्यात फुगून उंबऱ्याला घासणारी. त्याने ते एकदा उघडलं, एकदा मिटलं. पुन्हा उघडलं. त्या दाराला तीन आवाज आहेत. सुरुवातीला बारीक, कोणी दातांवर दात घासावेत तसा. मग अर्ध्यावर ते दम खातं, आवाज थांबतो. आणि शेवटच्या वीतभरात जाड, घशातून आल्यासारखा स्वर खाली खाली उतरत जातो. सुतार हसून म्हणाला, "लई रडतंय," आणि बाटलीचं बूच काढलं.

"राहू दे."

"काय राहू दे?"

"तेल."

अवी माझ्याकडे बघत राहिला. "अगं, गेस्ट झोपायचेत इथे. रात्री कोणी बाथरूमला उठलं तर अख्खं घर जागं होईल." मला उत्तर सुचेना. काहीतरी बोलायचं म्हणून मी म्हणाले, आधी खालची कड रंधा, मग बघू. सुतार बाटली खिडकीत ठेवून चहाला गेला. मला मात्र दिवसभर चुटपुट लागून राहिली. पत्र्याच्या ट्रंका, तांब्याचं घंगाळ, आजोबांची काठी यांतलं बरंच काही मी मुकाट्याने भंगारात जाऊ दिलं होतं. आणि हटून बसले ते एका आवाजासाठी.

उलगडा झाला तो संध्याकाळी. स्क्रू संपले म्हणून अवीच्या मोटारसायकलवर मागे बसून मुरूडला निघाले. नांदगाव सोडलं की रस्ता चढतो, समुद्र उजवीकडे खाली राहतो, आणि मुरूड यायच्या आधी टेकाडावर नवाबाचा राजवाडा दिसतो. घुमट, कमानी, झाडांचं रान, बंद फाटक. खाजगी मालमत्ता, आत कोणाला सोडत नाहीत. पण आम्हा पोरांच्या तोंडी तो नवाबाचा राजवाडा कधीच नव्हता. यष्टी त्या वळणावर आली की खिडकीशी एकच गिल्ला व्हायचा, "रामसेंचा वाडा! रामसेंचा वाडा!" जंजिऱ्याच्या सिद्दीने एवढं राज्य केलं, पण आमच्या लेखी त्या वास्तूचे खरे मालक रामसे होते, भुताचे सिनेमे काढणारे लॅमिंग्टन रोडवरचे सिंधी भाऊ. तिथे शूटिंग करून गेलेले. अवीने गाडी जरा हळू केली. मावळतीचं ऊन घुमटावर होतं, बाकी सगळं काळं. आणि मला दाराचा तो आवाज पुन्हा ऐकू आला, मोटारसायकलच्या फटफटीतून.

तो आवाज मी आधी दारात ऐकला होता की पडद्यावर, हेच आठवेना.

१९८८चा मे असावा. मी अकरा वर्षांची. तेव्हा सुट्टीत एकदा तरी 'व्हिडिओ आणायचा' बेत व्हायचा. वर्गणी काढायची, मुरूडहून रंगीत टीव्ही आणि व्हीसीआर भाड्याने आणायचा, रात्रभरात तीन कॅसेट संपवायच्या, कारण भाडं रात्रीचं. टीव्ही सायकलच्या कॅरिअरवर गोधडीत बांधून येई, दोन्ही बाजूंनी माणसं हात लावून चालायची, नवरदेव आणावा तसा. मामाच्या खळ्यात टेबलावर त्याची स्थापना. पुढे पोरं, मागे बायका, पुरुष कडेला कठड्यावर विड्या ओढत. पहिली कॅसेट देवाची किंवा मराठी, म्हातारी माणसं जागी असेपर्यंतची. दुसरी अमिताभची. आणि तिसरी, दीड-दोन वाजता, बायका आत गेल्यावर, रामसेची. पोरांनी झोपायचं असा दंडक होता. पण झोपल्याचं सोंग घेतलेल्या पोरांना गोधडीच्या भोकातून जो सिनेमा दिसतो तसा कोणालाच दिसत नाही.

त्या रात्री 'पुराना मंदिर' होता. कॅसेट इतक्यांदा फिरलेली की पडद्याच्या खालच्या भागात पांढऱ्या रेघा थरथरत असायच्या, आणि भूत यायच्या वेळी त्या वाढायच्या. आता कळतं, ज्या जागा लोक मागे घेऊन घेऊन बघायचे तिथेच टेप झिजली होती. तेव्हा वाटायचं, टीव्हीलासुद्धा कळलंय. सामरी नावाचा सैतान. राजा त्याचं शिर उडवतो, शिर पेटीत घालून हवेलीत, धड लांब देवळामागे, आणि दोन्हीची गाठ पडू द्यायची नाही. मरताना सामरी शाप देतो: या घराण्यातली बाई बाळंतपणात मरेल. पुढचं सगळं ती पेटी उघडण्याची वाट बघणं. कंदील, जिना, वारा, वटवाघूळ, दूर कुत्रं रडतंय. मध्येच एखादी नटी आंघोळीला निघाली की मामा खाकरायचा, उठून टीव्हीसमोर उभा राहायचा आणि उगाच ट्रॅकिंगचं बटण फिरवत बसायचा. त्याची पाठ पडद्यापेक्षा रुंद होती. जगदीप मच्छरसिंग होऊन आला की पोरांच्या गोधड्या हलायच्या. खळ्यापलीकडे माडाखाली लघवीला जायची हीच वेळ, आणि पाच-सहा जण एकमेकांचा हात धरून जायचे. पुढे मोठमोठ्या लेखांत वाचलं की रामसेंच्या सिनेमातलं ते विनोदी उपकथानक अनावश्यक ठिगळ असायचं. असेल. पण ज्याने लिहिलं तो कोकणातल्या खळ्यात दोन वाजता बसला नसावा.

आणि मग लाईट गेली. ऐन पेटीपाशी. पडदा एका ठिपक्यात मिटला, व्हीसीआर कण्हत थांबला. कोणी बोललं नाही. समुद्राची गाज, ती एरवी कानांना कळतही नाही, एकदम अंगणात आल्यासारखी. माडांची सळसळ. कोणीतरी विडी ओढली, तेवढा लाल ठिपका. आणि तेवढ्यात घरातून तो आवाज आला. आधी बारीक. मग थांबला. ते थांबणं किती वेळ चाललं हे मी आजही सांगू शकत नाही. नंतर जाड स्वर, खाली, खाली. माझ्या शेजारी अवी होता, पाच वर्षांचा, त्याने माझ्या दंडाला नखं रुतवली.

आजी होती. हातात चिमणी, डोक्यावरून पदर. "मेल्यांनो, अजून जागेच?"

एवढंच. पण त्या दिवसापासून माझ्यापुरती आजीच्या दाराची करकर आणि रामसेंच्या हवेलीची करकर एकच झाली. दोन्हींतून काय बाहेर येईल याचा नेम नाही, आणि बहुतेक वेळा आपलंच माणूस बाहेर येतं.

दुसऱ्या दिवशी आजीला आम्ही गोष्ट सांगितली. ती पोफळीची सुपारी सोलत होती, अडकित्ता थांबला नाही. भुतांच्या बाबतीत कोणाचं ऐकून घ्यायची तिची पद्धत नव्हती. तिच्या पंचक्रोशीत प्रत्येकाचा पत्ता ठरलेला: पिंपळावर मुंजा, तिठ्यावर चकवा, खाडीकडे गिरा, आणि राखणदाराला वर्षाचा नारळ. कोण कशाने गेला, काय मागतो, कशाने शांत होतो हे माहीत असल्याशिवाय तिच्या लेखी भुताला भूतपण नव्हतं. सामरीची हकिगत संपल्यावर तिने विचारलं, "म्हणजे पाप त्या मेल्याचं, मारला राजानं, आणि मरायचं सुनांनी? बाळंतपणात?" आम्ही हो म्हटलं. ती थोडा वेळ कातरत राहिली. मग म्हणाली, "आमच्याकडं तरी ती बाईच हडळ होऊन परत येते. तिला काही म्हणायचं असतं. यात तिला म्हणायला दिलंच नाही."

तिची थोरली बहीण पहिल्या बाळंतपणात गेली होती, हे मला आई नंतर बोलली. रामसेंच्या सिनेमावर मी पुष्कळ वाचलंय, पण आजीच्या त्या वाक्याजवळ जाणारं फारसं सापडलं नाही.

तर हे रामसे. आडनाव मुळात रामसिंघानी. वडील फतेहचंद यांचं कराचीत रेडिओचं दुकान. इंग्रज गिऱ्हाइकांच्या जिभेला पूर्ण नाव वळेना म्हणून ते रामसे झालं. फाळणीनंतर मुंबईला आले, लॅमिंग्टन रोडवर पुन्हा रेडिओचं दुकान थाटलं, आणि सिनेमात पैसे घातले. भगतसिंगांवरचा चित्रपट १९५४मध्ये, पुढे १९६३चा 'रुस्तम सोहराब'. मग १९७०मध्ये 'एक नन्ही मुन्नी लडकी थी', त्यात पृथ्वीराज कपूर. तो पडला. पण तुलसी आणि श्याम हे दोघे मुलगे थिएटरात प्रेक्षकांमागे उभं राहून बघत होते. पृथ्वीराज सैतानी मुखवटा आणि जड बूट घालून चोरी करायला येतात, पोलिसांच्या गोळ्या अंगावरून ओघळून जातात, एवढ्याच दृश्याला लोक शहारतात. बाकीच्या सिनेमाशी त्यांना देणंघेणं नाही. भाऊ घरी येऊन म्हणाले, आपण नुसतं तेवढंच करूया. मला या प्रसंगात भुतापेक्षा दुकानदारी दिसते, आणि ती मला आवडते. गिऱ्हाईक कशावर बोट ठेवतंय ते बघायचं, तोच माल मागवायचा.

सात भाऊ होते. वडिलांनी त्यांना काश्मिरात हाउसबोटीवर नेऊन ठेवलं. तिथे चित्रीकरणावरचं एक इंग्रजी पुस्तक समोर घेऊन ते शिकले. कुमार लिहायचा, केशू आणि गंगू कॅमेऱ्याशी, किरण आवाजाशी, अर्जुन कात्रीशी, तुलसी आणि श्याम दिग्दर्शनाशी. १९७२मध्ये 'दो गज जमीन के नीचे' आला तेव्हा श्याम जेमतेम विशीचा. त्या शूटिंगसाठी सगळं बिऱ्हाड बसमध्ये घालून महाबळेश्वरला नेलं होतं. भाऊ, भावजया, कलाकार, सामान. राहायचं तिथेच, शूटिंग तिथेच, स्वयंपाक घरच्या बायकांचा. नवऱ्याला मारून पुरतात आणि तो मातीतून उठतो, असलं काहीतरी बाहेर धुक्यात चाललेलं आणि आत कोणीतरी कणीक मळतंय. हे चित्र माझ्या डोक्यातून जात नाही. आमच्या हिंदी सिनेमात तेव्हा सेट, तारे-तारका, तारखा यांत वर्षं जायची. यांचं सगळं महिना-सव्वा महिन्यात आटपायचं. भुताला डेट लागत नाही.

रेडिओच्या दुकानातली पोरं ही गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. पडद्यावरचं त्यांचं भूत आज बघाल तर रबर दिसतं, शिवण दिसते, केस मानेपाशी सुटलेले दिसतात. डोळे मिटून बघा. दाराची करकर, जिन्यावरचं पाऊल, साखळी, कडी वाजणं, आणि सगळ्यांच्या मध्ये सोडलेली शांतता. ते सिनेमे ऐकायचे होते. आमच्या खळ्यात अर्ध्यांना टीव्ही दिसायचाच नाही, मागच्या रांगेतल्या बायका तर माजघरात पडून नुसता आवाज ऐकायच्या, आणि सगळ्यांत जास्त त्याच घाबरायच्या. माझी मामी सांगते, तिने 'पुराना मंदिर' आजवर एकदाही पाहिलेला नाही, पण तो तिला पाठ आहे.

त्या भावांच्या चित्रपटांची नावं एकाखाली एक लिहून बघण्याचा उद्योग मी त्या रात्री नांदगावला पडल्या पडल्या केला. 'दरवाजा' १९७८चा. मग 'गेस्ट हाउस', 'हॉटेल'. 'पुराना मंदिर' १९८४चा. 'तहखाना', 'डाक बंगला', 'पुरानी हवेली'. आणि १९९०चा 'बंद दरवाजा'. ही भुतांची यादी कुठे आहे? हा तर सातबारा आहे. यांचं भूत जागेला बांधलेलं. त्याच्या अंगात नसेल एवढी ताकद त्याच्या बांधकामात. आणि गोष्ट कायम एकच: वाडवडिलांची वास्तू, अनेक वर्षं बंद, आत काहीतरी पुरलेलं, आणि शहरातून आलेली नवी पिढी हसत-खिदळत कुलूप काढते.

कराचीतलं घर-दुकान मागे टाकून आलेल्या माणसाची मुलं बंद हवेलीचीच गोष्ट पुन्हा पुन्हा सांगत राहिली, असं मला त्या रात्री वाटलं, आणि वाटून घशाशी आलं. आता दिवसाउजेडी लिहिताना जरा संकोच होतोय. हे धागे माझे मी जोडलेले. रामसे बंधूंपैकी कोणी समोर असता तर हसला असता. म्हणाला असता, बाई, कसली फाळणी घेऊन बसलात, हवेली स्टुडिओपेक्षा स्वस्तात पडायची. तेही खरंच असणार. दोन्ही गोष्टी एकाच घरात राहू शकतात.

एका गोष्टीने मात्र मला कधीच चैन पडू दिलेलं नाही. सामरी झालेला माणूस म्हणजे अनिरुद्ध अग्रवाल. रुडकीचा शिकलेला सिव्हिल इंजिनिअर, ताडमाड उंची, लांब चेहरा, खोल डोळे. रामसेंना तो मिळाला आणि त्यांचं मेकअपचं काम निम्म्यावर आलं. त्या खळ्यात आम्ही ज्याला बघून किंचाळलो तो पुष्कळसा त्याचा स्वतःचाच चेहरा होता, सकाळी दाढी करताना आरशात दिसणारा. इंजिनिअर माणूस, बांधकामं करणारा, आणि पडद्यावर जुन्या बांधकामांतून उठायचा. लहानपणी आमच्या वाडीत एक गडी होता, हनुवटी पुढे आलेली, हात गुडघ्यापर्यंत लोंबणारे. त्या मेनंतर आम्ही पोरं त्याला सामरी म्हणू लागलो. आधी लपून, मग तोंडावर. तो हसायचा. नारळ उतरवून खाली आला की मुद्दाम दात विचकून आमच्या मागे धावायचाही. एकदा मी त्याला विहिरीशी बादलीतल्या पाण्यात वाकून बघताना पाहिलं, बराच वेळ. पाणी पीत नव्हता. मी मागच्या मागे पळाले, आणि या वेळी भुताला भिऊन नव्हे.

याचा दोष सिनेमावर घालून मोकळं होता येईल, पण ते नाव आम्ही दिलं होतं.

'वीराना' मी त्या मानाने उशिरा पाहिला. १९८८चाच तो, जास्मिन नावाची नटी होती, नंतर पडद्यावर दिसली नाही ती दिसलीच नाही. त्यामागची एक गोष्ट रामसेंच्या घरात सांगतात. श्याम एकदा महाबळेश्वरहून रात्री एकटे गाडीने परतत होते. घाटरस्त्याला एक बाई उभी. तिला गाडीत घेतलं. बोलता बोलेना. सहज तिच्या पायांकडे नजर गेली, तर पावलं उलटी. त्यांनी करकचून ब्रेक दाबला, बाई अंधारात नाहीशी, आणि पुढे त्यातूनच 'वीराना' सुचला. खरं-खोटं श्यामरावांना ठाऊक. पण हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला हसूच फुटलं, आनंदाचं. उलट्या पावलांची! म्हणजे सैतान, तांत्रिक, लाल-हिरवे दिवे, विलायती शवपेट्या हा सगळा पसारा इतकी वर्षं मांडल्यावर, खुद्द दिग्दर्शकाला रस्त्यात भेटली कोण, तर आमच्या आजीची हडळ. घाट उतरताना लिफ्ट मागणारी. आजी असती तर तिने एवढंच विचारलं असतं, मग तिनं काय म्हटलं? आणि श्यामना सांगावं लागलं असतं, विचारायच्या आत मी ब्रेक मारला.

१९९३मध्ये 'झी हॉरर शो' आला तेव्हा आम्ही ठाण्यात होतो, केबल नवी नवी. पहिलीच गोष्ट 'दस्तक', म्हणजे पुन्हा दारच. तुलसी आणि श्याम आता सिनेमाच्या पडद्यावरून आमच्या दिवाणखान्यात आले होते. बाबांना ते असह्य व्हायचं. "काय हा पोरकटपणा," म्हणत ते पेपर तोंडासमोर धरायचे, आणि शीर्षकसंगीत सुरू झालं की पेपर हलायचा बंद व्हायचा. इथे खळं नव्हतं, माडाखाली जायला रांग नव्हती. दोन खोल्यांच्या घरात सगळे दिवे चालू ठेवून बघायचं आणि नंतर कोणी आधी झोपायला जायचं यावर चर्चा. जाहिराती आल्या की भीती निम्मी व्हायची. दुसऱ्या दिवशी कॉलेजात सगळे त्या भुतांच्या नकला करायचे. मीही करायचे, चांगल्या करायचे. पुढे जरा शहाण्या मंडळींत उठबस सुरू झाली, जपानी भुतं, युरोपातली भुतं बघायला लागले, तेव्हा रामसे हा शब्द विनोदाला पुरायचा. कोणाच्या घराचा रंग उडालेला दिसला, कोणी केस मोकळे सोडून आली, की "काय रामसेचा सिनेमा!" मी हसण्यात सगळ्यांत पुढे. नांदगावच्या खळ्याबद्दल तिथे अवाक्षर काढलं नाही. त्यांना सांगायला हवं होतं की माझा मामा सदाशिव अमरापूरकरांना बघायला 'पुराना मंदिर' लावायचा, 'अर्धसत्य'मधला रामा शेट्टी इथे काय करतो म्हणून, आणि मग आंघोळीच्या प्रसंगी टीव्हीसमोर उभा राहायचा. नाही सांगितलं.

तुलसी रामसे २०१८च्या डिसेंबरात गेले, श्याम २०१९च्या सप्टेंबरात. एव्हाना हवा पालटली होती. ज्यांनी टर उडवली त्यांनीच मृत्युलेख लिहिले, 'कल्ट' हा शब्द दर परिच्छेदात. श्याम गेल्याचं मी लोकलमध्ये फोनवर वाचलं, मुलुंड आणि ठाण्याच्या मधे. बातमीसोबत फोटो होता. कोणाच्याही शेजारी राहतील असे गृहस्थ, चष्मा, मवाळ डोळे. मी अवीला बातमी पाठवली. त्याचं उत्तर आलं: "आजी दार उघडून आली होती ती रात्र आठवते?" मामा त्याच वर्षी पावसाळ्यात गेला होता. त्यानंतर ते दार बंदच होतं.

हे सगळं मी मेमध्ये त्याला का बोलले नाही कोण जाणे. मोटारसायकलवरून परतताना राजवाडा पुन्हा लागला, आता नुसता आकार. अवी पुढून ओरडला, "रामसेंचा वाडा!" मीही ओरडले. पन्नाशीकडे झुकलेली दोन माणसं. रस्त्यावरच्या कुत्र्याने मान वर केली. आणि दुसऱ्या दिवशी सकाळी मी ठाण्याला निघून आले, तेलाची बाटली खिडकीतच होती.

पुन्हा गेले ती गणपतीनंतर. होमस्टे सुरू झाला होता. ओटीवर वेताच्या खुर्च्या, भिंतीवर मासळीचं जाळं टांगलेलं, कोकणात कोणी घरात जाळं टांगत नाही पण पाहुण्यांना आवडतं म्हणे. पाऊस होता म्हणून त्या दिवशी कोणी उतरलेलं नव्हतं. मामीही चार दिवस आली होती. मी दाराकडे मुद्दाम बघितलं नाही. संध्याकाळी जेवणं लवकर झाली, अवी मुरूडला गेला, आणि मी ओटीवर दिवा मालवून पाऊस बघत बसले. खळ्यात, टीव्हीचं टेबल असायचं तिथे, कुंडीत कसलं तरी विलायती पाम. पागोळ्यांखाली जांभ्याला पडलेल्या खळग्या तेवढ्या जुन्या, त्यात पाणी टपटपत होतं.

किती वेळ गेला कळलं नाही. काहीही वाजलं नाही. ना बारीक, ना जाड, ना मधलं ते थांबणं. आणि माझ्या खांद्यावर हात पडला.

मी अशी किंचाळले की शेजारच्या आवारातला दिवा लागला.

मामी होती. एका हातात पाण्याचा तांब्या, दुसरा माझ्या खांद्यावर. आधी तीही घाबरली, मग पदर तोंडाला लावून हसत सुटली. तांब्यातलं पाणी तिच्या आणि माझ्या अंगावर. "अगं, अवीनं तेल घातलं त्याला. मलाच आता कळत नाही कोण आलं, कोण गेलं. परवा एक पाहुणी अशीच पाठीशी येऊन उभी राहिली माझ्या, दूध आहे का विचारायला. जीव गेला असता माझा." मग ती माझ्या शेजारी खुर्चीत न बसता जुन्या सवयीने खाली उंबऱ्यावर टेकली, दाराला पाठ लावून. दार तिच्या वजनाने हळूच मागे सरकलं, आवाज न करता, आणि ती पडता पडता सावरली.

"मेलं," ती दाराला म्हणाली.